कुंभार्लीचा उतार : कराड–चिपळूण राज्यमार्गाची जडणघडण

कृष्णाकाठच्या कराडहून वाशिष्ठीकाठच्या चिपळूणला जाणारा सुमारे शंभर किलोमीटरांचा रस्ता हा गुहागर–विजापूर या पूर्वीच्या दीर्घ राज्यमार्गाचा एक तुकडा असला, तरी देश आणि कोकण यांच्यातील देवघेवीचा खरा भार शतकानुशतके याच तुकड्याने वाहिला आहे. राज्यमार्ग या संज्ञेचा उगम १९४३ साली नागपूर येथे भरलेल्या मुख्य अभियंत्यांच्या परिषदेत सापडतो. या परिषदेने रस्त्यांची राष्ट्रीय, प्रांतिक, जिल्हा आणि ग्रामीण अशी उतरंड लावली आणि स्वातंत्र्योत्तर काळात प्रांतिक मार्गांनाच राज्यमार्ग हे नाव मिळाले. जिल्ह्याची ठिकाणे, मोठे बाजार आणि बंदरे यांना राष्ट्रीय महामार्गांशी व परस्परांशी जोडणे हे या वर्गाचे काम ठरले. कराड–चिपळूण रस्ता मात्र या व्याख्येच्या कितीतरी आधीपासून बाजार आणि बंदर यांना जोडत आला होता. सरकारी वर्गवारीने त्याला क्रमांक दिला, पण त्याची दिशा सह्याद्रीने आणि कोयनेने आधीच ठरवून ठेवली होती.

ती दिशा समजून घेण्यासाठी कोयनेचे वळण पाहावे लागते. महाबळेश्वरी उगम पावणारी ही नदी पूर्वेकडे न धावता सह्याद्रीच्या मुख्य कण्याला बिलगून सुमारे पासष्ट किलोमीटर दक्षिणेकडे वाहत येते आणि हेळवाक येथे काटकोनात वळून पाटणमार्गे कराडला कृष्णेला मिळते. या एका वळणामुळे कराडहून निघालेली बैलगाडी नदीचे खोरे धरून, एकही अवघड चढण न चढता, थेट सह्याद्रीच्या माथ्याजवळ पोहोचू शकत असे. हेळवाकच्या पुढे थोडीशी चढण संपली की कुंभार्लीचा घाटमाथा येतो, आणि तेथून पश्चिमेचा कडा एकदम तुटून खाली पोफळी–शिरगावच्या कोकणात उतरतो. इतर अनेक घाटवाटांना दोन्ही अंगांनी डोंगराशी झुंजावे लागते. कुंभार्लीला ते काम एकाच अंगाने करावे लागते, हेच तिच्या दीर्घायुष्याचे कारण मानावे लागेल.

कराडची प्राचीनता निर्विवाद आहे. भरहुतच्या स्तूपावरील दानलेखांत या नगराचे नाव आढळते आणि गावाजवळच्या आगाशिवच्या डोंगरात बौद्ध लेण्यांचा मोठा समूह आहे. दुसऱ्या टोकाला वाशिष्ठीच्या मुखावरचे दाभोळ हे बहामनी आणि आदिलशाही काळातील नावाजलेले बंदर. खाडीतून भरतीच्या पाण्यावर पडाव गोवळकोटपर्यंत येत आणि तेथून माल चिपळूणच्या पेठेत व पुढे घाटाकडे जाई. वर मीठ, सुके मासे, नारळ आणि कोकम चढत, तर खाली ज्वारी, गूळ, मिरची आणि कापूस उतरत असे. कराडच्या वायव्येला उभा असलेला वसंतगड या वाहतुकीवर नजर ठेवून होता, आणि पाटणजवळचा दातेगड, ज्याची कातळात तलवारीच्या आकाराची विहीर आजही पाहणाऱ्याला थक्क करते, हाही याच मार्गाचा राखणदार होता. १८८०च्या दशकात पुणे–मिरज लोहमार्ग सुरू झाल्यावर देशावरचा माल मुंबईकडे रेल्वेने जाऊ लागला आणि चिपळूणच्या बंदराचा कापसाचा व्यापार ओसरला. तरीही रस्ता ओस पडला नाही, कारण घाटाच्या दोन्ही अंगांच्या माणसांची रोजची गरज रेल्वेला भागवता येत नव्हती. पाटण खोऱ्यातल्या स्वयंपाकघराला सुका बोंबील आणि चिपळूणच्या बाजाराला घाटावरची भाजी हवीच होती, आणि ती आजही हवी आहे.

मार्गावरील लहान गावांची घडण या देवघेवीतून झाली. मल्हारपेठेच्या नावातच बाजार आहे, आणि तिच्या पुढच्या नवारस्त्याच्या नावात तर रस्ताच वस्तीचे नाव होऊन बसला आहे. एसटीचा थांबा, त्याभोवती चहाची टपरी, खतांचे दुकान, सायकल व पुढे मोटारींच्या पंक्चरचे दुकान, आठवड्याचा बाजार, अशा क्रमाने येथील फाट्याचे गाव होत गेले. फाटा म्हणजे मुख्य रस्त्यापासून आतल्या गावाकडे फुटणारी वाट. अशा प्रत्येक फाट्यावर एका खोऱ्याची किंवा मुऱ्याची माणसे उतरतात, चढतात आणि वाट पाहत उभी असतात. पाटण हे तालुक्याचे ठिकाण कोयना आणि केरा यांच्या संगमावर वसलेले आहे, त्यामुळे तेथे कचेरी, न्यायालय आणि बाजार यांसाठी येणाऱ्यांचा राबता अधिक. येराडच्या येडोबाच्या यात्रेत तर हाच रस्ता काही काळ माणसांचा होऊन जातो.

विसाव्या शतकाच्या मध्यास या रस्त्याचा धनी बदलला. ज्या उतारामुळे वाट जन्मली, त्याच उताराने विजेचीही शक्यता दाखवली. हेळवाकजवळ नदी अडवायची आणि तिचे पाणी पूर्वेकडे सोडण्याऐवजी डोंगराच्या पोटातील बोगद्यातून पश्चिमेला कोसळवायचे, अशी कोयना प्रकल्पाची मूळ कल्पना होती. १०३ मीटर उंचीचे धरण, १०५.२५ टीएमसी (एक टीएमसी म्हणजे एक अब्ज घनफूट) क्षमतेचा शिवसागर जलाशय आणि पोफळीचे भूमिगत वीजगृह यांच्यासाठी लागणारे सिमेंट, पोलाद आणि अवजड यंत्रे याच मार्गाने वाहून न्यावी लागली. कोयनानगर ही वसाहत रस्त्याच्या काठी उभी राहिली आणि घाटाच्या पायथ्याशी अलोरेही गजबजले. चारही टप्पे आणि धरणाच्या पायथ्याचे वीजगृह मिळून प्रकल्पाची स्थापित क्षमता १९६० मेगावॅट झाली. कृष्णा पाणीतंटा लवादाने पश्चिमेकडे वळवण्यासाठी दरवर्षी ६७.५ टीएमसी पाण्याची मर्यादा घातली. ते पाणी वीज निर्माण करून कोळकेवाडीमार्गे वाशिष्ठीत उतरते, म्हणजे रस्ता ज्या गावी पोहोचतो त्याच चिपळूणला कोयनेचे पाणीही दुसऱ्या वाटेने पोहोचते.

या वैभवाची किंमत ज्यांनी मोजली त्यांची गावे रस्त्यावरून दिसत नाहीत, कारण ती जलाशयाखाली आहेत. खोऱ्यातील कुटुंबे दूरच्या जिल्ह्यांत पांगवली गेली आणि त्यांच्या पुनर्वसनाचा प्रश्न दोन पिढ्यांनंतरही कोयनानगरच्या आंदोलनांतून पुन्हा पुन्हा समोर येतो. राज्याच्या विजेच्या इतिहासात या कुटुंबांना मिळालेली जागा फारच तोकडी आहे, हे स्पष्टपणे नोंदवले पाहिजे. त्यातच ११ डिसेंबर १९६७ रोजी पहाटे झालेल्या भूकंपाने कोयनानगर उद्ध्वस्त केले आणि पावणेदोनशेच्या वर माणसे मृत्युमुखी पडली. मोठ्या जलाशयाच्या भाराने व झिरपणाऱ्या पाण्याने भूकंपास चालना मिळते काय, या प्रश्नाच्या अभ्यासात कोयनेचे उदाहरण तेव्हापासून जगभर आधारभूत मानले जाते. त्याच अभ्यासासाठी कराडजवळ प्रयोगशाळा उभी राहिली असून खोऱ्यात सुमारे तीन किलोमीटर खोल छिद्र घेऊन बेसॉल्टखालच्या खडकाची तपासणी करण्यात आली.

रस्त्याच्या दृष्टीने मात्र भूकंपापेक्षा पाऊस हा नित्याचा शत्रू. कोयनानगरला वर्षाला सरासरी पाच हजार मिलिमीटरच्या आसपास पाऊस पडतो, तर तासादीड तासाच्या अंतरावरील कराडला तो हजार मिलिमीटरच्याही आत असतो. डांबर पाण्याने मरते, ही बांधकाम खात्यातील जुनी समजूत घाटात दर पावसाळ्यात खरी ठरते. कड्यावरून आलेले पाणी डोंगराकडच्या गटारात शिरून मोरीतून, म्हणजे रस्त्याखालच्या लहान नळीतून, दरीकडे निघून गेले तर रस्ता टिकतो. गटार पालापाचोळ्याने आणि घसरलेल्या मुरमाने बुजले, तर तेच पाणी डांबरावरून वाहते, साईडपट्टी खाते, दरीकडच्या कठड्याचा पाया पोखरते आणि शेवटी अर्धा रस्ता घेऊन जाते. ही गटारे मोकळी ठेवण्यासाठी पूर्वी मैलकुली नेमलेले असत. एकेकाकडे ठरावीक लांबीचा रस्ता, हाती कुदळ, फावडे आणि पाटी. कोणत्या वळणावर कोणता दगड सैल आहे, कोणत्या मोरीचे तोंड आधी तुंबते, हे त्यांना तोंडपाठ असे. अशा माणसांच्या जागी कंत्राट आले, तेव्हा घाटाविषयीचे हे बारीक ज्ञान कोणत्याही निविदेत नोंदले गेले नाही, आणि आज दरडी कोसळल्यावर यंत्रे धावतात त्यामागे हा तोटाही आहे.

गेल्या दशकात या मार्गाला राष्ट्रीय महामार्ग १६६-ई असा दर्जा मिळाला. रुंदीकरण आवश्यकच होते, कारण ऊस, भाजी, मासळी आणि आंबा यांची वाहने, एसटी आणि पर्यटकांच्या मोटारी यांचा भार जुन्या रुंदीला पेलणारा नव्हता. परंतु राज्यमार्गाची आखणी थांब्यांभोवती झाली होती, तर महामार्गाची आखणी वेगाभोवती होते, आणि हा फरक फाट्यावरच्या गावांना सर्वांत आधी कळतो. रस्ता रुंद होताना काठावरचे वड आणि आंबे जातात, त्यांच्या सावलीत बसणारा बाजार मागे सरकतो, शाळेत जाणाऱ्या मुलांना भरधाव वाहनांतून वाट काढावी लागते. हुंबर्लीपासून घाटमाथ्यापर्यंतचा भाग तर सह्याद्री व्याघ्र प्रकल्पाच्या जंगलाला लागून जातो आणि तेथे वेगाचा प्रश्न गव्याच्या व सांबराच्या जिवाचाही होतो.

रस्त्यांचा दर्जा ओळखण्याची सर्वांत सोपी खूण किलोमीटरच्या दगडावर असते. राष्ट्रीय महामार्गाच्या दगडाचा माथा पिवळा, राज्यमार्गाचा हिरवा. दर्जा बदलला की हिरव्यावर पिवळा रंग चढतो आणि क्रमांक नव्याने लिहिला जातो. दगडावरच्या गावांची नावे तीच राहतात : पाटण, हेळवाक, पोफळी, चिपळूण.