विटांआड दडलेला ब्रुनेल

लंडनमध्ये पॅडिंग्टन स्थानकालगत कालवा ओलांडणारा बिशप्स रोडचा पूल २००३ साली अखेरच्या घटका मोजत होता. वाढत्या रहदारीला तो पुरेना, म्हणून वेस्टमिन्स्टरच्या पालिकेने नव्या, रुंद पुलाचा घाट घातला होता. विटांचे ओबडधोबड कठडे असलेल्या या पुलाचे नाव वारसा यादीत नव्हते. तो पडला असता, तरी कोणी हळहळले नसते.

त्याच सुमारास इंग्लिश हेरिटेज या वारसा जपणाऱ्या संस्थेचे इतिहासकार स्टीव्हन ब्रिंडल पॅडिंग्टन स्थानकाचा इतिहास लिहिण्यात गढले होते. इझम्बार्ड किंग्डम ब्रुनेल या थोर अभियंत्याची टिपणे चाळताना त्यांची नजर एका जागी खिळली. लोखंडी तुळयांवर वजन चढवून घेतलेल्या चाचण्यांच्या त्या नोंदी होत्या आणि तुळया होत्या कालव्यावरच्या पुलासाठी!

काळ १८३८ चा. त्याच वर्षी जूनमध्ये ग्रेट वेस्टर्न रेल्वेची पहिली गाडी पॅडिंग्टनहून मेडनहेडकडे धावली. या रेल्वेचा अभियंता ब्रुनेल अवघा बत्तीस वर्षांचा होता. रूळ आणि कालवा दोन्ही ओलांडणारा रस्ता रेल्वेने बांधायला घेतला. रुळांकडच्या बाजूला विटांच्या कमानी उठल्या. कालव्यावर मात्र ब्रुनेलने बीड, म्हणजे ओतीव लोखंड, वापरले. बीड मोठे दगाबाज. दाब निमूट सोसते, पण ताण पडला की पूर्वसूचना न देता तडकते. पुढे १८४७ मध्ये चेस्टरजवळ डी नदीवरच्या रेल्वेपुलाची बिडाची तुळई मोडली, गाडी नदीत कोसळली आणि पाच जण दगावले. ब्रुनेलने मात्र आपल्या तुळया आधीच पारखून घेतल्या होत्या.

नंतर विस्मरणाची पुटे चढली. विसाव्या शतकाच्या आरंभी रुळांवरचा भाग नव्याने बांधला गेला, कालव्यावरच्या लोखंडाभोवती विटा चढल्या, आणि या पुलाशी जोडलेले ब्रुनेलचे नाव पुसले गेले.

ब्रिंडल यांनी टिपणे आणि प्रत्यक्ष पूल ताडून पाहिले. उलगडा झाला! रस्त्याच्या पोटाखाली त्याच तुळया जागच्या जागी उभ्या होत्या. घोडागाड्यांपासून मोटारींपर्यंत पिढ्यान्‌पिढ्यांचे ओझे त्यांनी पेलले होते. ब्रुनेलच्या हातचा, आज शिल्लक असलेला सर्वांत जुना लोखंडी पूल पाडकामाच्या उंबरठ्यावर सापडला होता.

आता शर्यत घड्याळाशी होती. नवा पूल तर हवाच होता. तेव्हा जुना फोडायचा नाही, उसवून काढायचा, असे ठरले. पालिकेने दाखवलेला हा समजूतदारपणा मला शोधाइतकाच मोलाचा वाटतो. २००४ मध्ये विटांचे कवच उतरले, बिडाचा सांगाडा मोकळा झाला आणि पुन्हा जुळवता येईल अशा बेताने एकेक भाग सुटा केला गेला. ते भाग पोर्ट्‌समथच्या फोर्ट कंबरलँडमध्ये, म्हणजे ब्रुनेलच्याच जन्मगावी, जपून ठेवण्यात आले.