पाठीवरचं ओझं, कागदावरचं नाव

माझं लहानपण भुसार बाजाराच्या मागच्या गल्लीत गेलं. पहाटे अब्बांबरोबर निघालो, की पाठीवर पोती घेतलेले हमाल रांगेनं जाताना दिसत. त्यांतलेच एक चाचा गेल्या वर्षी भेटले. म्हणाले, "बाबा, तू शिकलेला. पोराचा नोंदणीचा अर्ज देऊन चौदा महिने झाले. दर खेपेला 'पुढच्या आठवड्यात या' म्हणतात. काय करायचं?"

हमालाला नोंदणीचं एवढं का, असं कुणी विचारेल. अण्णासाहेब पाटलांच्या नेतृत्वाखाली माथाडी लढले आणि १९६९ साली महाराष्ट्रात माथाडी कायदा झाला. मालकानं मजुरी आणि तिच्यावरची लेव्ही मंडळात भरायची आणि मंडळानं कामगाराला मजुरी, भविष्य निर्वाह निधी, बोनस, औषधोपचार द्यायचे, अशी ही व्यवस्था आहे. पण हे सारं नोंद झालेल्याला. नाव वहीत नसेल, तर त्याच पोत्याखाली कंबर मोडली तरी मंडळाच्या लेखी तो माणूसच नाही.

अशा वेळी एकदम कोर्टाकडे धावू नये. आधी अर्जाची पोच जपावी. मग माहितीच्या अधिकारात, दहा रुपये भरून, अर्ज कुठे अडला ते विचारावं. उत्तर तीस दिवसांत द्यावं लागतं. ती सेवा २०१५ च्या लोकसेवा हक्क कायद्याखाली अधिसूचित असेल, तर मुदत टळल्यावर अपील करता येतं आणि दोषी अधिकाऱ्याला दंडही होऊ शकतो.

त्यानंतर लेखी मागणीपत्र द्यावं. तरीही दाद लागली नाही, तर राज्यघटनेच्या अनुच्छेद २२६ खाली उच्च न्यायालयात रिट याचिका करता येते. कायद्यानं सोपवलेलं काम अधिकारी करत नसेल, तर 'ते कर' असं न्यायालय सांगतं. याला महादेश म्हणतात. एक मात्र समजून घ्यावं. न्यायालय सहसा स्वतः नोंदणी करत नाही. अर्जदाराचं म्हणणं ऐकून ठरावीक मुदतीत कारणांसह निर्णय द्या, एवढं ते बजावतं. नकार आला, तर त्या कारणांना आव्हान देता येतं. आदेशच मोडला, तर न्यायालयाच्या अवमानाचा अर्ज करता येतो. तो एका वर्षाच्या आत करावा. रिटला ठरलेली मुदत नसली, तरी फार उशीर केला तर न्यायालय त्याचं कारण विचारतं.

वकिलाच्या फीचं काय? १९८७ च्या विधी सेवा कायद्यानं स्त्रिया, अनुसूचित जाती-जमाती, औद्योगिक कामगार आणि उत्पन्नमर्यादेत बसणारे गरीब यांना मोफत वकील मिळतो. जिल्हा न्यायालयातल्या विधी सेवा प्राधिकरणात चौकशी करावी.

चाचांच्या मुलानं माहिती मागवली. उत्तर आलं, की मालकाचीच नोंद नाही. योजना आम्हाला लागू नाही, असं मालकाचं म्हणणं. म्हणजे गाठ वेगळीच निघाली. असा वाद कलम ५ खाली राज्य शासनाकडे जातो आणि सल्लागार समितीचं मत घेऊन शासन निर्णय देतं. तिथंही दिरंगाई झाली, तर पुन्हा उच्च न्यायालय आहेच.

चाचांना मी हे समजावलं. ते म्हणाले, "म्हणजे चौदा महिने आम्ही चुकीच्या खिडकीपुढे उभे होतो?"

खिडकी चुकली नव्हती, चाचा. आतून सांगणारं कुणी नव्हतं.