खिडक्या आपोआप मांडणारं सॉफ्टवेअर आणि मराठी कळफलक

लवासातल्या ख्राइस्ट विद्यापीठाच्या आवारात डेटा सायन्स शिकवतात. या विषयाच्या विद्यार्थ्याला कोड, आलेख, संदर्भाचं पान अशा तीन-चार खिडक्या एकदम लागतात आणि लॅपटॉपचा पडदा सहसा चौदा-पंधरा इंचांचा. एकीखाली दुसरी दडते, माउसने ओढाताण सुरू होते. ही मांडामांड संगणकावरच सोपवणारे ‘टायलिंग विंडो मॅनेजर’ लिनक्सवर बरेच आहेत. कल्पना जुनीच, १९८५चं विंडोज १.० सुद्धा खिडक्या शेजारी-शेजारी लावायचं.

निवडताना एवढंच पाहावं, की नव्या खिडकीला जागा कुणाच्या वाट्यातून मिळते. यांपैकी २००६ साली आलेला डीडब्ल्यूएम एक खिडकी मुख्य मानतो आणि बाकीच्यांची बाजूला उतरंड लावतो. बीएसपीडब्ल्यूएम समोरच्या खिडकीचेच दोन भाग करतो. १९२० बाय १०८० पिक्सेलच्या पडद्यावर दुसऱ्या खिडकीला ९६० बाय १०८०, तिसरीला ९६० बाय ५४० आणि चौथीला ४८० बाय ५४० एवढीच जागा उरते. इतक्या जागेत इंग्रजी कोड कसाबसा वाचता येतो. देवनागरीला मात्रा-उकारांमुळे ओळीची उंची जास्त लागते, त्यामुळे मजकूर फारच थोडा मावतो. लहान पडद्यासाठी म्हणूनच मला निरी हा मॅनेजर सर्वांत पटतो. तो खिडक्या एका लांबलचक आडव्या पट्टीवर ओळीने लावतो. नवी आली तरी जुन्यांचा आकार तसाच राहतो, आपण फक्त डावी-उजवीकडे सरकायचं.

या सगळ्यांचा कारभार कळफलकावर चालतो आणि मराठीत टंकणाऱ्याची खरी अडचण तिथे आहे. इनस्क्रिप्ट हा मराठी कळफलक चालू असताना इंग्रजी ‘जे’च्या कळीतून ‘र’ येतो. स्वे या टायलिंग मॅनेजरमध्ये ‘जे’ अक्षरावर बांधलेला शॉर्टकट मग चालत नाही. त्याच्या सेटिंगमध्ये ‘टू-कोड’ हा पर्याय जोडला, की शॉर्टकट अक्षराऐवजी कळीच्या जागेशी बांधला जातो आणि भाषा कोणतीही असो, चालतो. मराठी टंकायला आयबस हा प्रोग्राम वापरणाऱ्यांनी तो लॉगिनबरोबर सुरू होण्याची सोय स्वतः करायची. आयथ्री किंवा स्वे यांसारखे मॅनेजर ते आपणहून करत नाहीत.

जुना डेस्कटॉप काढून टाकायची गरज नाही. तो आणि टायलिंग मॅनेजर दोन्ही एकाच संगणकावर नांदतात आणि कोणता हवा ते लॉगिनच्या वेळी निवडता येतं. पहिली चाचणी मात्र मराठी कळफलक चालू ठेवूनच घ्या.