विश्लेषण : ‘रायवळ’ म्हणजे नेमके काय? हापूसच्या जिल्ह्यात या शब्दाला दोन अर्थ का आहेत?

रत्नागिरी : मे महिन्यात रत्नागिरीच्या बाजारात फिरताना एका बाजूला हापूसच्या पेट्या दिसतात. एका पेटीत एकाच आकाराची, एकाच वजनाची, एकाच रंगाकडे झुकलेली फळे. त्याच रस्त्याच्या कडेला कुणी मावशी आंब्यांचे वाटे लावून बसलेली असते. तिच्या एका वाट्यात चार फळे चार तऱ्हेची असतात. एक लांबट, एक गोटीसारखे गोल, एकाच्या खांद्यावर शेंदरी छटा, एक पिकूनही हिरवेच. जात विचारली तर उत्तर एकच मिळते, ‘रायवळ’.

हाच शब्द लाकडाच्या वखारीतही ऐकू येतो. तिथे आंब्याचा काही संबंध नसतो. सागाचा ढीग वेगळा, आणि बाकीचा ‘रायवळ’.

मोठ्या शहरांत वाढलेल्या अनेकांना हा शब्द ठाऊक नसतो. काहींना ते आंब्याच्या एखाद्या जातीचे नाव वाटते, हापूस, पायरी, केसर यांच्यासारखे. तो गैरसमज आहे. रायवळ ही जात नाही. ज्या आंब्याला जात नाही, किंवा ज्याचे प्रत्येक झाड स्वतःच एक जात आहे, त्याला रायवळ म्हणतात. या दोन व्याख्यांमध्ये बरेच अंतर आहे. जुन्या झाडांचे काय होते, हेही त्या अंतरावर अवलंबून आहे.

एक शब्द, दोन अर्थ

लाकडाच्या व्यवहारात रायवळ म्हणजे उरलेले. साग, शिसव असे मोलाचे लाकूड बाजूला काढले की बाकी जे राहते ते रायवळ. त्यात नाना झाडे येतात, पण व्यवहारापुरती ती सगळी एकच. सरकारी कागदांत हेच काम ‘संकीर्ण’ हा शब्द करतो. अनेक शासन निर्णयांच्या क्रमांकाची सुरुवातच ‘संकीर्ण’ने होते. कुठल्याच ठरलेल्या खान्यात न बसणारा विषय असला की तो तिथे जातो.

आंब्याच्या बाबतीत मात्र रायवळ म्हणजे कोयीपासून, आपसूक किंवा पेरून, वाढलेले झाड. त्याच्या विरुद्धचा शब्द ‘कलमी’. घाटावर त्यालाच ‘गावरान’ म्हणतात, पण छटा थोडी वेगळी आहे. गावरान म्हटले की फळ कुठले ते कळते, रायवळ म्हटले की ते ठरावीक नाही हे कळते. एका झाडाखाली खाल्लेल्या आंब्याची चव शेजारच्या झाडाखाली मिळेलच असे नाही, हे या शब्दात गृहीत आहे.

मराठीत वेगवेगळेपणासाठी शब्दांची कमतरता नाही. ‘वैविध्य’ आणि ‘विविधता’ कौतुकाचे. ‘विषमता’ तक्रारीचा. ‘वैचित्र्य’चा मूळ अर्थ रंगीबेरंगीपणा, पण ‘विचित्र’ने वाईट अर्थ घेतल्यापासून तोही बिचकत वापरला जातो. ‘अठरापगड’ फक्त माणसांसाठी. शाळेच्या विज्ञानाच्या पुस्तकात ‘समांगी’ आणि ‘विषमांगी’ मिश्रण असते, मीठ विरघळलेले पाणी समांगी आणि वाळू मिसळलेले पाणी विषमांगी. ते अचूक आहे, पण परीक्षेनंतर कुणी उच्चारत नाही. एकसारखे नसणे हाच ज्याचा गुणधर्म आहे अशा गोष्टीसाठी, रोजच्या बोलण्यात टिकलेला शब्द म्हणून रायवळला जोड सापडणे कठीण आहे. अडचण एवढीच की तो वखारीतल्या ‘उरलेले’ या अर्थाचे ओझेही वाहतो.

प्रत्येक झाड वेगळे का?

आंब्याच्या मोहोरात असंख्य बारीक फुले असतात. त्यातली काही फक्त नर, काही नर-मादी दोन्ही. माश्या आणि इतर कीटक एका झाडाचे परागकण दुसऱ्या झाडावर नेतात. त्यामुळे कोयीतल्या बीजाची आई ठाऊक असते, पण बाप कोण हे सांगता येत नाही. शिवाय आई-झाडाच्या प्रत्येक गुणाच्या दोन प्रती असतात आणि त्यातली कुठली खाली उतरेल हे प्रत्येक बीजागणिक बदलते. पत्त्यांचा कॅट दर वेळी नव्याने पिसल्यासारखे हे आहे.

म्हणूनच हापूसची कोय पेरली तर हापूस उगवत नाही. उगवते ते आंब्याचे झाड, हापूसचे अपत्य, पण फळ कसे येईल ते आठ-दहा वर्षांनी कळते. बहुतेक वेळा ते आईपेक्षा निराळे निघते. म्हणजे हापूसची कोयही रायवळच देते.

याला अपवाद आहे. बहुतेक भारतीय आंबे ‘एकभ्रूणी’ आहेत, एका कोयीतून एकच अंकुर. पश्चिम किनाऱ्यावर दक्षिणेकडे काही ‘बहुभ्रूणी’ आंबे आढळतात, उदाहरणार्थ केरळातला ओलूर. त्यांच्या एका कोयीतून अनेक रोपे येतात आणि त्यातली बहुतेक आईची हुबेहूब नक्कल असतात.

मग हापूस सगळीकडे सारखा कसा?

कारण तो पेरला जात नाही, बांधला जातो. कलम म्हणजे एका झाडाच्या काडीची दुसऱ्याच्या मुळावर केलेली जोडणी. कोकणात आज रूढ असलेल्या कोय कलमात पावसाळ्याच्या तोंडाला कोयी पेरतात. तांबूस रंगाचे कोवळे रोप पंधरा दिवसांचे होण्याच्या आत ते वरून छाटून मध्ये चीर देतात. त्यात हापूसची पाचरीसारखी तासलेली काडी बसवतात आणि प्लास्टिकच्या पट्टीने घट्ट बांधतात. वर वाढतो तो हापूस. काडी ज्या झाडाची, त्याची ती तंतोतंत प्रत.

आणि खाली पेरलेली कोय कसली असते? रायवळची. ग्राहकाच्या हातात येणारे फळ एकसारखे असले, तरी ते ज्या मुळावर उभे आहे ते दर कलमागणिक वेगळे असते. एकाच बागेत, एकाच मातीत, एकाच दिवशी लावलेली दोन कलमे कमी-जास्त वाढण्यामागे जी अनेक कारणे असतात, त्यात हेही एक आहे.

आणखी मागे गेले तर हापूसही कधी काळी एकच झाड होता. हापूस हे नाव पोर्तुगीज सेनानी अफोन्सो द अल्बुकर्क याच्यावरून आल्याचे मानले जाते, आणि पोर्तुगीजांच्या काळात गोव्यात कलमांची कला रुजली. कोयीपासून आलेल्या एखाद्या झाडाचे फळ कुणाला तरी आवडले, त्याची काडी घेतली गेली, म्हणून ते टिकले. उत्तर प्रदेशात काकोरीजवळच्या दशहरी गावात दशहरी आंब्याचे मूळ झाड आजही दाखवतात. गुजरातच्या केसरला ते नाव १९३४ मध्ये जुनागढच्या नवाबांनी दिले. नाव मिळण्याआधी हे सगळे रायवळच होते.

शास्त्रज्ञही वेगळे काही करत नाहीत, फक्त बाप निवडून घेतात. कोकण कृषी विद्यापीठाची १९८१ मधली ‘रत्ना’ ही जात नीलम आणि हापूस यांच्या संकरातून आली. असा संकर केला की मिळणारे प्रत्येक रोप वेगळे असते. त्यातले एक निवडायचे आणि मग त्याची कलमे करायची. हापूसला छळणारा साका, म्हणजे गरात पडणारा पांढरट स्पंजासारखा भाग, रत्नामध्ये नाही.

एकसारखेपणाला किंमत का मिळते?

व्यापाराला खात्री लागते. न पाहिलेल्या फळाची ऑर्डर पुण्या-मुंबईतून फोनवर देता येते, कारण पेटीत काय येणार हे ठाऊक असते. २०१८ मध्ये ‘हापूस’ला रत्नागिरी, सिंधुदुर्ग, रायगड, ठाणे आणि पालघर या पाच जिल्ह्यांसाठी भौगोलिक मानांकन मिळाले. त्याचा पायाही हाच. रायवळची ऑर्डर फोनवर देता येत नाही. त्याचा रस पातळ निघेल की घट्ट, रेषा असतील की नसतील, हे झाड ओळखणाऱ्यालाच ठाऊक.

कायद्याची भाषाही एकसारखेपणाची आहे. वनस्पती वाण संरक्षण आणि शेतकरी हक्क कायदा, २००१ नुसार एखाद्या वाणाची नोंदणी करायची तर वेगळेपण, एकसारखेपणा आणि स्थिरता या कसोट्या लागतात. पहिल्या कसोटीत रायवळ सहज पास होतो. दुसरीत मात्र ‘रायवळ आंबा’ म्हणून सरसकट अर्ज करण्यात अर्थच नाही. पण बांधावरच्या एका ठरावीक झाडाची कलमे केली, तर ती सगळी एकमेकांसारखी येतात आणि कसोटीला उभी राहू शकतात. शेतकऱ्यांच्या स्वतःच्या वाणांसाठी कायद्यात वेगळी सोय आहे. झाडांच्या बाबतीत नोंदणीचे संरक्षण १८ वर्षांपर्यंत मिळते.

थोडक्यात, झाडाला आधी रायवळच्या ढिगातून बाहेर काढून नाव द्यावे लागते.

गावाकडे नावे होतीच

ही नावे कोकणात नवी नाहीत. शेपूचा वास येतो तो शेप्या, शेंदरी खांद्याचा तो शेंदऱ्या, खोबऱ्याची आठवण करून देतो तो खोबऱ्या, गोड असेल तर साखऱ्या, लहान असेल तर बिटकी. कधी नाव नुसत्या जागेचे असते, विहिरीवरचा, देवळामागचा. कामेही वाटलेली असतात. एकाची कैरी लोणच्याला, एकाची आंबोशीला. एकाच्या रसाचे साठ चांगले पडते, एक फक्त रायत्यासाठी, कारण अख्खे फळ चोखून खाण्याची मजा त्यातच आहे. हापूसचे रायते करणाऱ्याला जुनी माणसे हसतील.

शेजारच्या कर्नाटकात, उत्तर कन्नड आणि शिवमोग्याच्या मलनाडात, लोणच्याच्या ‘अप्पेमिडी’ कैरीबाबत असेच होते. एकेका झाडाला नाव, वासाची ओळख. त्या अप्पेमिडीला भौगोलिक मानांकन मिळाले आणि निवडक झाडांची कलमेही विकली जाऊ लागली.

कोकणात नावे घरापुरती राहिली. घर बंद झाले, आजी गेली, की झाडाचे नाव जाते आणि ते पुन्हा नुसते ‘रायवळ’ होते. इथे शब्दाचा दुसरा अर्थ पुढे येतो. फळाच्या अर्थाने रायवळ असलेले झाड लाकडाच्या अर्थाने रायवळ ठरते. महाराष्ट्र झाडे तोडण्याबाबत (विनियमन) अधिनियम, १९६४ च्या यादीत आंबा, फणस, ऐन, किंजळ, जांभूळ ही झाडे आहेत, म्हणजे तोडायला परवानगी लागते. पण त्या यादीत आंबा म्हणजे आंबा. शेप्या आणि शेंदऱ्या असा भेद कुठलाही अर्ज विचारत नाही. मुंबई-गोवा महामार्गाच्या चौपदरीकरणात रस्त्याकडेची जुनी झाडे गेली. ३ जून २०२०च्या निसर्ग वादळात दापोली आणि मंडणगडच्या बागा आडव्या झाल्या. वादळात पडलेल्या हापूसच्या जागी रोपवाटिकेतून तोच हापूस आणता येतो, वेळ आणि पैसा गेला तरी. पडलेला रायवळ कुठल्याच रोपवाटिकेत मिळत नाही, कारण तो जगात एकच होता.

एकाच वाणावर भिस्त ठेवली तर?

आयर्लंडमध्ये १८४५ पासून बटाट्यावर करपा आला तेव्हा गरिबांच्या शेतात मुख्यतः ‘लंपर’ हा एकच वाण होता, आणि तो डोंगर-दऱ्यांत सगळीकडे एकाच पद्धतीने कोसळला. विसाव्या शतकात निर्यातीची ‘ग्रो मिशेल’ केळी पनामा रोगाने संपवली आणि तिची जागा ‘कॅव्हेंडिश’ने घेतली. आता तिच्यावरही त्याच रोगाचा नवा प्रकार आला आहे.

हापूसवर असे संकट कोसळले आहे असे नाही, आणि रायवळ रोगमुक्त असतो हेही खरे नाही. तुडतुडे आणि फुलकिडे दोघांनाही सोडत नाहीत. फरक एवढाच की हजार कलमी झाडे एका संकटाला एकच उत्तर देतात आणि हजार रायवळ झाडे वेगवेगळी. उशिरा मोहोरणारे, अवेळी पावसात टिकणारे, साका नसलेले झाड हवे असेल, तर ते शोधायची जागा हीच.

आपल्या परसातले झाड कसे वाचवता येईल?

सोपा मार्ग कलमाचाच आहे. जून-जुलै हा त्याचा हंगाम. काडी फळ देणाऱ्या फांदीच्या शेंड्याची, तीन-चार महिन्यांची, डोळा फुगलेली पण न फुटलेली असावी. जवळच्या रोपवाटिकेतला कलम बांधणारा ती आणून दिली तर बांधून देतो. मात्र आधीच बोलून ठेवलेले बरे, कारण त्या दिवसांत त्याचे हात हापूसमध्ये गुंतलेले असतात. एका काडीवर विसंबू नये, दहा बांधली तर काही जगतात.

दुसरा मार्ग कागदाचा. जैवविविधता कायदा, २००२ नुसार स्थानिक संस्थेची जैवविविधता व्यवस्थापन समिती असते आणि तिच्याकडे ‘लोक जैवविविधता नोंदवही’ असते. गावातल्या पिकांच्या आणि फळझाडांच्या स्थानिक वाणांची नोंद त्यात करता येते. फळाचा, पानाचा आणि कापलेल्या गराचा फोटो, मोबाइलवरचे लोकेशन, मोहोर आणि फळ येण्याचा महिना, घरात ते कशासाठी वापरतात, आणि सर्वात आधी त्याचे घरातले नाव, एवढे लिहून ग्रामपंचायतीत द्यावे. ‘जात’ या रकान्यात मात्र ‘रायवळ’ लिहू नये.