शिरुई लिली : समज, वस्तुस्थिती आणि संवर्धन

प्रस्तावना
मणिपूरच्या उखरूल जिल्ह्यातील शिरुई पर्वतावर वाढणारी शिरुई लिली ही त्या राज्याचे राज्यपुष्प आहे. ती या पर्वताखेरीज अन्यत्र जगतच नाही, असे वारंवार सांगितले जाते. प्रस्तुत लेखात या समजाची तपासणी करून संवर्धनाच्या दृष्टीने त्याचा अर्थ स्पष्ट केला आहे.

वनस्पतिशास्त्रीय परिचय
पलांडू कुलातील या बहुवर्षायू ओषधीचे शास्त्रीय नाव लिलियम मॅक्लिनी असे आहे. जमिनीतील खवलेयुक्त कंदापासून दरवर्षी नवा दांडा येतो. मे-जूनमध्ये त्यावर फिकट गुलाबी छटेची, घंटेच्या आकाराची, खाली झुकलेली फुले उमलतात. फुलात सहा परिदले व सहा केसरदले असतात. तांगखुल नागा लोकांना पूर्वापार परिचित असलेली ही वनस्पती ब्रिटिश संग्राहक फ्रँक किंग्डन-वॉर्ड यांना १९४६ मध्ये आढळली. १९४९ मध्ये तिचे शास्त्रीय वर्णन प्रसिद्ध झाले. तिच्या नावात किंग्डन-वॉर्ड यांच्या पत्नी जीन मॅक्लिन यांचे नाव गुंफले आहे.

समज आणि वस्तुस्थिती
लंडनच्या रॉयल हॉर्टिकल्चरल सोसायटीने १९४८ मध्येच या लिलीचा गौरव केला होता. स्कॉटलंडमधील उद्यानांत तिची बियांपासून लागवड होते. थंड उन्हाळा, दमट हवा आणि पाण्याचा निचरा होणारी, ह्यूमसयुक्त जमीन या तिच्या गरजा आहेत. उष्ण सखल प्रदेशात ती टिकत नाही. तथापि त्यावरून ती अन्यत्र वाढूच शकत नाही, असा निष्कर्ष निघत नाही.

अधिवासावरील संकट
मूळ अधिवासात मात्र ती धोक्यात आहे. खुज्या रानटी बांबूचा प्रसार गवताळ उतार व्यापत आहे. पर्यटक फुले तोडतात, कंदही उपटतात. फूल तोडल्यास त्या वर्षीचे बी नष्ट होते. कंद उपटल्यास संपूर्ण वनस्पतीच नाहीशी होते. २०१७ पासून राज्य पातळीवर साजरा होणारा शिरुई लिली महोत्सव २०२३ मधील हिंसाचारामुळे खंडित झाला व मे २०२५ मध्ये पुन्हा भरला. अशा उत्सवातून स्थानिकांना उत्पन्न मिळते. परंतु उतारांवरील वर्दळही वाढते.

निष्कर्ष
उद्यानातील लागवडीमुळे जाती टिकू शकते. परंतु नैसर्गिक समूहातील आनुवंशिक विविधता आणि परागणाचे स्थानिक संबंध तेथे जतन होत नाहीत. म्हणून बांबूचे नियंत्रण, ठरावीक पायवाटा आणि स्थानिक बियांपासून रोपनिर्मिती ही कामे शिरुईच्या ग्रामस्थांच्या सहभागाने होणे आवश्यक आहे. फुलाचे संरक्षण म्हणजे अंतिमतः त्या पर्वतउताराचे संरक्षण होय.