मुंगीचे इख आणि पंपातले 'औषध'

मागच्या खरिपात आम्ही दारव्हा तालुक्यातील एका वस्तीत पाहुणे म्हणून गेलो होतो. सकाळची वेळ होती. घरची आजी सरपणासाठी बाभळीची वाळलेली फांदी ओढत होती. एकदम "अव माय!" म्हणून ती ओरडली. बोटाला मुंगी डसली होती. मुंगी साधी नव्हती. डोके काळे, मागचा भाग काळा आणि मधली छाती तांबडी, लांबी चांगली सेंटीमीटरभर. अशा मुंग्या झाडाच्या वाळक्या खोडात घर करतात.

हात झटकत आजी म्हणाली, "इख भरलं व बोटात!"

आठवीतली नात हसली. "आजी, ते इख नसते. फॉर्मिक ॲसिड असते. आम्हाला शिकवलं शाळेत."

तेवढ्यात आजीचा मुलगा पंप पाठीला लावून निघाला. जाता जाता म्हणाला, "माय, मी वावरात औषध मारून येतो."

पाच मिनिटांत, एकाच अंगणात, आम्ही तीन शब्द ऐकले. इख, ॲसिड आणि औषध. यातला खरा शब्द कोणता आणि फसवा कोणता? या प्रश्नावर यवतमाळ जिल्ह्यात माणसांचे जीव अवलंबून आहेत, म्हणून हा लेख.

आजी बरोबर होती

'इख' म्हणजे विष. आपल्या वऱ्हाडी बोलीतला हा जुना शब्द. नातही अगदीच चुकली नव्हती. मुंगीला लॅटिन भाषेत 'फॉर्मिका' म्हणतात. १६७१ साली जॉन रे या इंग्रज अभ्यासकाने मुंग्यांपासून निघणाऱ्या या आम्लाची माहिती प्रसिद्ध केली, आणि पुढे मुंगीवरूनच त्याला 'फॉर्मिक' हे नाव मिळाले. आपला काळा मुंगळा हे आम्ल वापरतो. मुंगळ्याला नांगी नसते. तो जबड्याने चावतो आणि चावलेल्या जागी आम्ल सोडतो.

परंतु सगळ्या मुंग्या मुंगळे नाहीत. गांधीलमाशीप्रमाणे कित्येक मुंग्यांना पोटाच्या टोकाशी नांगी असते. त्या चावत नाहीत, डंख मारतात, आणि त्या डंखातून खरोखरीचे विष अंगात शिरते. आजीला डसलेली मुंगी याच जातीची. या विषात प्रामुख्याने प्रथिनांसारखे पदार्थ असतात. पुस्तकात वाचलेले एक नाव सगळ्या मुंग्यांना लावले, एवढीच नातीची चूक. 'इख' हा आजीचा शब्द मात्र शास्त्राच्या कसोटीला उतरला!

दुष्ट मुंगीचे नाव

अशा मुंग्यांत सर्वांत वाईट डंख दक्षिण आणि मध्य अमेरिकेच्या जंगलातील एका मुंगीचा मानतात. ती आपल्याकडे आढळत नाही. तिकडे तिला 'बंदुकीच्या गोळीची मुंगी' म्हणतात, तर स्पॅनिश बोलणारे लोक 'चोवीस तासांची मुंगी' म्हणतात, कारण तिची वेदना दिवसभर जात नाही. तिचे शास्त्रीय नाव 'पॅरापोनेरा क्लावाटा'. तिच्या विषातील मुख्य पदार्थाचा शोध १९९१ साली प्रसिद्ध झाला आणि त्याला 'पोनेराटॉक्सिन' हे नाव देण्यात आले.

या शब्दाची फोड करून पाहण्यासारखी आहे. 'पोनेरा' ही मुंग्यांची एक प्रजाती. तिचे नाव ज्या ग्रीक शब्दावरून आले, त्याचा अर्थ दुष्ट. 'टॉक्सिन' म्हणजे विष. त्याच्या मुळाशी असलेल्या ग्रीक शब्दाचा अर्थ होता बाणाला लावण्याचे विष. म्हणजे या नावात दुष्टही आला आणि विषारी बाणही आला. ऐकणाऱ्याने दूर राहावे असेच हे नाव आहे.

हे विष करते काय? आपल्या शरीरभर चेतापेशींचे जाळे आहे. मुलांच्या पुस्तकात त्यांना चेतापेशी म्हणतात, मोठ्या ग्रंथांत तंत्रिका म्हणतात. बोटाला काटा टोचला हा निरोप त्या मेंदूपर्यंत नेतात. निरोप पुढे सरकावा म्हणून चेतापेशीच्या भिंतीत अतिसूक्ष्म दारे असतात. दार उघडते, बाहेरचे सोडियमचे कण आत येतात, आणि सेकंदाच्या हजाराव्या हिश्शाच्या आसपास ते दार बंदही होते. निरोप गेला, काम संपले. पोनेराटॉक्सिन म्हणजे अवघ्या २५ अमिनो आम्लांची छोटीशी साखळी. ती हे दार लवकर बंदच होऊ देत नाही. मग चेतापेशी तोच निरोप पुन्हा पुन्हा पाठवत राहते: दुखते, दुखते, दुखते. जखम टाचणीएवढी आणि वेदना डोंगराएवढी! चेतासंस्थेवर असा घाव घालणाऱ्या विषाला आपण 'चेताविष' म्हणू. इंग्रजीत त्यालाच न्यूरोटॉक्सिन म्हणतात.

आपल्या मातीतही असे विष आहे. तांबड्या विंचवाचे विष याच सोडियमच्या दारांना अडकवून धरते आणि त्याचा मार शेवटी हृदयावर बसतो. कोकणात याने किती लेकरे गेली! मंत्राने विंचू उतरवणारे गावोगाव होते, पण मुले दगावतच होती. १९८० च्या दशकात महाड येथे डॉ. हिंमतराव बावस्कर यांनी रुग्णांच्या उशाशी बसून हे विष शरीरात नेमके काय करते ते तपासले, आणि 'प्राझोसिन' या रक्तदाबावरील गोळीने विंचूदंशाचे मृत्यू रोखता येतात हे दाखवले. २०२२ साली त्यांना पद्मश्री मिळाली. विष कुठे घाव घालते हे कळले, तेव्हा उपाय सापडला.

पंपातही तेच दार

आता आजीच्या मुलाच्या पाठीवरील पंपाकडे वळू.

कपाशीवर मारल्या जाणाऱ्या कीटकनाशकांत सायपरमेथ्रिन हे नाव आपल्याकडे सर्वांना ठाऊक आहे. किडीला ते मारते कसे? तिच्या चेतापेशींमधील सोडियमची दारे उघडी ठेवून! पोनेराटॉक्सिन आणि सायपरमेथ्रिन दिसायला, बनायला अगदी वेगळे. दाराला खीळ घालण्याची त्यांची जागाही वेगळी. परंतु दार तेच. फवारणी करून आलेल्या माणसाच्या तोंडाला मुंग्या येतात, कातडी चुरचुरते, त्याचे एक कारण हेच.

दुसरा गट मोनोक्रोटोफॉस, प्रोफेनोफॉस यांचा. तो याहून घातक. चेतापेशीचा निरोप स्नायूपर्यंत पोहोचला की तो पुसून टाकणारा एक पदार्थ आपल्या शरीरात असतो, जसा फळा पुसायला डस्टर असतो. ही विषे तो डस्टरच निकामी करतात. मग अक्षरावर अक्षर चढत जाते. घाम फुटतो, लाळ गळते, डोळ्यांतून पाणी येते, बाहुल्या बारीक होतात, उलट्या होतात, स्नायू थरथरतात, आणि शेवटी श्वास अडतो. या कुळाचा इतिहासही ऐकून ठेवा. १९३६ साली जर्मनीत कीटकनाशक शोधता शोधता याच कुळातील 'टॅबुन' हाती लागले आणि त्याचा युद्धातील विषारी वायू म्हणून विचार झाला.

दोन्ही गट एकत्र मिसळले तर? सायपरमेथ्रिनचे तुकडे करून ते निकामी करण्याची ताकद आपल्या शरीरात असते. दुसऱ्या गटातील विष नेमकी तीच ताकद मोडते. म्हणून घरच्या घरी दोन-तीन डब्या एकात ओतून केलेले मिश्रण किडीपेक्षा माणसाला महाग पडते.

२०१७ चा पावसाळा

हे आपल्या जिल्ह्याने भोगले आहे. २०१७ साली जुलै ते ऑक्टोबर या काळात फवारणी करताना विषबाधा होऊन यवतमाळ जिल्ह्यात वीसहून अधिक शेतकरी व शेतमजूर दगावले. शेकडो लोकांना रुग्णालयात दाखल करावे लागले. यवतमाळच्या वसंतराव नाईक शासकीय वैद्यकीय महाविद्यालयाचे वॉर्ड भरून गेले होते. कुणाला दिसेनासे झाले होते, कुणी शुद्ध हरपून पडले होते. त्या वर्षी पऱ्हाटी माणसाच्या उंचीची झाली होती. अशा दाट पिकात फवारा थेट तोंडावर, छातीवर येतो. अंगात साधा सदरा, पायात काही नाही, वरून दमट ऊन. राज्य सरकारने चौकशी पथक नेमले आणि पाच कीटकनाशकांच्या विक्रीवर तात्पुरती बंदी घातली.

जे गेले त्यांत मजुरीने फवारणी करणारेही होते. ज्याचे वावर नाही, ज्याच्या हातात डबी विकत घेण्याचा निर्णय नाही, त्याच्या पाठीवर पंप होता. हे आपल्या घरांतील लोक आहेत. म्हणून आम्ही त्या तिसऱ्या शब्दाकडे परत येतो.

'औषध' म्हणू नका

औषध कशाला म्हणतात? जे माणसाला बरे करते त्याला. औषधाची बाटली आपण घरात ठेवतो, हाताने ओततो, त्याला भीत नाही. जो शब्द खोकल्याच्या बाटलीला, तोच शब्द चेताविषाच्या डबीला लावला, तर हातही तसाच वागतो. मग डबीचे झाकण दाताने उघडले जाते, मिश्रण उघड्या हाताने ढवळले जाते, रिकाम्या डबीत तेल भरले जाते. मुंगीच्या थेंबभर विषाला आपण इख म्हणतो आणि वीस लिटरच्या पंपाला औषध!

तेव्हा घरातील माय-बहिणींनी आजपासूनच एक करावे. डबीला 'विष' म्हणावे आणि लेकरांना तसेच म्हणायला शिकवावे. डबीवरील रंगीत चौकोन पाहावा. लाल म्हणजे अतिशय जहाल, पिवळा म्हणजे जहाल, त्यानंतर निळा आणि हिरवा. हिरवा चौकोन असला तरी ते विषच. मजुरीने जाणाऱ्याने मालकाकडे हातमोजे, मास्क, पूर्ण बाह्यांचे कपडे मागावेत. यात लाज कसली? वाऱ्याच्या उलट दिशेने फवारू नये, दुपारच्या उन्हात फवारू नये, मध्येच तंबाखू, बिडी, भाकरी नको. फवारणीचे कपडे वेगळे धुवावेत. धुणारीनेही हात जपावेत. रिकामी डबी फोडून टाकावी, पुन्हा वापरू नये.

आणि त्रास झालाच तर? विषारी बाण लागलेल्या माणसाचा तथागतांनी दिलेला दृष्टान्त आपल्या घरोघर माहीत आहे. बाण कुणी मारला, कशाचा होता, या चौकशीत वेळ घालवू नये, आधी बाण काढावा. येथेही तसेच. माणसाला वावराबाहेर मोकळ्या हवेत आणा, कपडे काढा, साबण आणि भरपूर पाण्याने अंग धुवा, ओकारी काढायला लावू नका, आणि सरळ सरकारी दवाखाना गाठा. जाताना डबी मात्र बरोबर न्या, कारण विषाच्या गटाप्रमाणे उपचार बदलतो. दुसऱ्या गटातील विषावर 'ॲट्रोपिन' हे इंजेक्शन आहे, आणि ते वेळेत मिळाले पाहिजे.

मुंगी डसली तर जागा साबणाने धुऊन गार पाण्याची घडी ठेवावी. बहुतेकांना एवढे पुरते. अंगभर गांधी उठल्या, दम लागला, चक्कर आली, तर तीही ॲलर्जीची खूण समजून लगेच दवाखान्यात जावे.

आम्ही निघालो तेव्हा आजीचे बोट अजून सुजलेले होते. नातीने वहीत 'पोनेराटॉक्सिन' हा शब्द लिहून घेतला होता. दुसऱ्या वावरात जाण्यासाठी मुलगा पुन्हा पंप भरू लागला, तशी आजी ओट्यावरून ओरडली, "अरे पोरा, इख माराले चालला न? मग तोंड-हात झाकून जाय!"

तो थबकला. खुंटीवरचा पूर्ण बाह्यांचा सदरा त्याने काढला आणि अंगात घातला.