हिरव्या काचेतून वॉर्सा

‘अ शॉर्ट फिल्म अबाउट किलिंग’ (१९८८) या चित्रपटातलं वॉर्सा शहर पाहताना जीव गुदमरतो. आभाळ गढूळ, इमारती शेवाळलेल्या, माणसं आजारी दिसतात. दिग्दर्शक क्रिस्तॉफ किश्लोव्स्की. पण शहराला ही हिरवट कळा आणली ती छायालेखक स्वावोमिर इजाक यांनी.

१९४५ साली कातोवित्सेत जन्मलेले इजाक वूचच्या नामांकित फिल्म स्कूलमध्ये शिकले. पुढे झानुसी, वायदा, किश्लोव्स्की या दिग्दर्शकांसोबत त्यांनी काम केलं. पोलंडमध्ये छायालेखकाला पटकथेच्या टप्प्यापासूनच चर्चेत घेण्याची प्रथा होती. त्यामुळे इजाक सेटवर यायचे ते स्वतःची मतं घेऊनच.

‘किलिंग’साठी त्यांनी खास फिल्टर तयार केले. भिंगापुढे हिरवी काच आली की तांबडा प्रकाश बराचसा अडतो. त्वचेवरची लाली उडते, चेहरा निस्तेज होतो. शिवाय काही फिल्टर चौकटीचा ठरावीक भागच काळवंडून टाकत. याचेक हा तरुण रस्त्याने भटकतो तेव्हा कडेचं जग अंधारात जातं आणि प्रेक्षकाला त्याच्यावरून नजर हटवता येत नाही. हा पोरगा एका टॅक्सीचालकाचा विनाकारण खून करतो; पुढे सरकार त्याला फासावर चढवतं. दोन्ही मृत्यू कॅमेरा सारख्याच कठोरपणे पाहतो. असे फिल्टर वापरण्यात जोखीमही होती. तेव्हा संगणकावर रंग बदलायची सोय नव्हती. काच लावून टिपलेलं दृश्य निगेटिव्हवर तसंच उमटे.

‘द डबल लाइफ ऑफ व्हेरोनिक’मध्ये (१९९१) त्यांनी सोनेरी पिवळा निवडला आणि क्राकोव्ह उबदार झालं. ‘थ्री कलर्स : ब्लू’मध्ये (१९९३) मात्र ते माणसाच्या अगदी जवळ गेले. नवरा आणि मुलगी गमावलेली ज्युली कॅफेत शुगर क्यूब कॉफीला टेकवते. पडदाभर तो पांढरा क्यूब तपकिरी होत जातो. बाहेरच्या कशाशीच तिला देणंघेणं उरलेलं नाही, हे त्या एका शॉटमध्ये कळतं. क्यूब नेमका पाच सेकंदांत भिजावा म्हणून सहायकाने आधी कितीतरी क्यूब बुडवून पाहिले होते. या चित्रपटासाठी इजाक यांना व्हेनिस चित्रपट महोत्सवात छायालेखनाचा पुरस्कार मिळाला.

मग हॉलिवूडने त्यांना बोलावलं. ‘गटाका’चा (१९९७) पिवळसर भविष्यकाळ त्यांचा, ‘ब्लॅक हॉक डाउन’ने (२००१) ऑस्करचं नामांकन मिळवून दिलं, हॅरी पॉटरचा पाचवा भागही त्यांनीच टिपला.

इजाक यांचा रंग अंगावर येतो, अशी तक्रार कुणी करू शकेल. आता तर मोबाइलवर बोट फिरवलं की कुठलाही फोटो सोनेरी होतो. म्हणून कसोटी एकच लावावी : रंग काढून घेतला तर गोष्टीचं काय होतं? ‘किलिंग’मधला हिरवा काढा, याचेकचा गुन्हा एका बिघडलेल्या पोरापुरता राहील आणि त्याला घडवणारं शहर नामानिराळं सुटेल.